डुकराचे मटण, आंबटगोड रस आणि आकडीची भीती

कुडाळजवळच्या एका गावातून एका भगिनींचे पत्र आले आहे. त्यांचा मुलगा लालबागला राहतो, सूनबाई मूळच्या गिरगावच्या. दोघेही नोकरी करतात. रविवारी मुलगा क्रॉफर्ड मार्केटमधून डुकराचे मटण आणतो आणि सूनबाई घरी ‘स्वीट अँड सावर पोर्क’ करतात. सहा वर्षांचा नातू ते आवडीने खातो. भगिनी लिहितात : ‘आम्ही मासे-मटण खाणारे आहोत, पण डुकराचे मांस आमच्या घरात कधी शिजले नाही. माझ्या जाऊबाई म्हणतात, ते खाल्ले की किडा डोक्यात जातो आणि आकडी येते. सुनेला सांगायला गेले तर भांडण होईल. गप्प बसले तर रात्री झोप लागत नाही. डॉक्टर, माझ्या नातवाला आकडी तर येणार नाही ना?’

गेली पंचवीसहून अधिक वर्षे मी परळ-लालबागच्या वस्तीत दवाखाना चालवतो. माझे निम्मे रुग्ण आपल्याच जिल्ह्यातले. पूर्वी गिरणीत होते, आता त्यांची मुले-नातवंडे आहेत. त्यामुळे हा प्रश्न माझ्या टेबलासमोर यापूर्वीही अनेकदा आला आहे. जाऊबाईंच्या सांगण्यात अर्धे सत्य आहे. पण वैद्यकात अर्धे सत्य फार महागात पडते. म्हणून आजचा सगळा लेख या एका पत्रालाच.

आधी पदार्थाविषयी. डुकराच्या मांसाचे लहान चौकोनी तुकडे कॉर्नफ्लॉवरमध्ये घोळवून तळायचे आणि व्हिनेगर, साखर, टोमॅटो सॉस, सोया सॉस यांच्या दाट रसात कांदा, ढोबळी मिरची व अननसाबरोबर परतायचे, हा दक्षिण चीनमधल्या कँटन प्रांताकडचा प्रकार. मुंबईला चिनी माणसे नवी नाहीत. माझगावला त्यांची वस्ती होती आणि १९१९ साली बांधलेले त्यांचे सी यूप देऊळ आजही तिथे उभे आहे. पुढे १९७५ साली नेल्सन वँग या आचाऱ्याने क्रिकेट क्लब ऑफ इंडियात ‘चिकन मंचुरियन’ केले असे सांगतात आणि त्यानंतर चायनीज हॉटेलातून उतरून रस्त्यावर आले. लालबाग, परळ, दादर इथल्या नाक्यानाक्यावर लाल रंगाच्या गाड्या लागल्या. आज कुडाळ, कणकवलीतही त्या दिसतात.

पण आंबट घालून डुकराचे मांस शिजवणे गिरगावला त्याच्याही आधीपासून ठाऊक आहे. खोताच्या वाडीतल्या ईस्ट इंडियन आणि गोवेकर ख्रिस्ती घरांत विंदालू आणि सोरपोतेल शिजते. विंदालू हा शब्दच मुळी पोर्तुगीज, त्याचा संबंध वाइन आणि लसणीशी. आपल्याकडे वाइनच्या जागी माडाच्या सुरेचा शिरका आला. सावंतवाडी, वेंगुर्ले, मालवणच्या ख्रिस्ती शेजाऱ्यांकडे नाताळात हा वास आपण सर्वांनीच घेतला आहे. तेव्हा सूनबाईंनी काही जगावेगळे केलेले नाही. शेजारच्या स्वयंपाकघरातली गोष्ट आपल्या स्वयंपाकघरात आणली, इतकेच.

दवाखान्यातली एक गोष्ट

आता आकडीकडे वळू. रुग्णाची ओळख पटू नये म्हणून तपशील बदलून सांगतो.

काही वर्षांपूर्वी एका माळकरी कुटुंबातली एकोणीस वर्षांची मुलगी माझ्याकडे आली. सकाळी चहा पिता पिता तिचा उजवा हात उडू लागला, मग सगळे अंग ताठ झाले आणि ती पडली. घरच्यांनी चप्पल हुंगवली, कांदा फोडला, दातांत चमचा घातला. चमच्याने तिचा एक दात तुटला. मी तिला पुढे मोठ्या इस्पितळात पाठवले. मेंदूच्या स्कॅनमध्ये वाटाण्यापेक्षाही लहान, कड्यासारखी एक गाठ दिसली. निदान झाले ‘न्यूरोसिस्टिसर्कोसिस’, म्हणजे डुकराच्या पट्टकृमीची अळी मेंदूत.

‘डुकराच्या’ हा शब्द वडिलांनी ऐकला मात्र, त्यांचा चेहरा पालटला. माझ्यासमोरच त्यांनी मुलीला विचारले, ‘कुठं खाल्लंस? कुणाबरोबर?’ मुलीची एक मैत्रीण गिरगावची, ख्रिस्ती. तिच्या घरी ही अभ्यासाला जात असे. मुलगी रडत सांगत होती, ‘बाबा, मी तिथं चहाशिवाय काही घेतलं नाही.’ वडिलांचा विश्वास बसेना. तिचे कॉलेजला जाणे बंद झाले, मैत्रीण तुटली. आईने मला हळूच विचारले, ‘डॉक्टर, आता हिच्या लग्नाचं काय?’

मुलगी खरे बोलत होती. आणि ती मैत्रिणीकडे पातेलेभर पोर्क खाऊन आली असती, तरी त्या खाण्यातून ही गाठ झाली नसती. हे वडिलांना समजावायला मला तीन बैठका लागल्या. तेच आज तुम्हाला समजावतो.

एक कृमी, दोन आजार

हा कृमी चपट्या फितीसारखा असतो. शास्त्रीय नाव टिनिया सोलियम. त्याचा फेरा दोन घरांत चालतो, एक घर माणूस आणि दुसरे डुक्कर.

माणसाच्या आतड्यात पूर्ण वाढलेला कृमी राहतो. तो दोन-तीन मीटर, कधी त्याहूनही लांब असतो. त्याची अंडी माणसाच्या विष्ठेतून बाहेर पडतात. उघड्यावरची ती विष्ठा डुकराने खाल्ली की अंड्यातल्या अळ्या त्याच्या मांसात जाऊन बसतात. असे मांस नीट पाहिले तर भिजवलेल्या साबुदाण्यासारखे पांढुरके फोड दिसतात. हे मांस कच्चे किंवा अर्धेकच्चे खाल्ले, तर खाणाऱ्याच्या आतड्यात कृमी वाढतो. हा झाला पहिला आजार. यात बहुधा फारसा त्रासही होत नाही. कधी पोटात कसेसे होते, कधी शौचातून लेंग्याच्या नाडीच्या तुकड्यांसारखे पांढरे चपटे तुकडे पडतात. औषधाच्या एका मात्रेने हा कृमी बहुधा जातो.

दुसरा आजार वेगळा आणि घातक. त्यात माणूस डुकराचे मांस नव्हे, तर कृमीची अंडी गिळतो. ही अंडी येतात माणसाच्या विष्ठेतून. न धुतलेल्या हातांवरून, सांडपाण्यावर पिकलेल्या कच्च्या भाजीवरून, दूषित पाण्यातून. अंडे पोटात फुटते, अळी रक्तातून फिरते आणि स्नायूत, डोळ्यात किंवा मेंदूत जाऊन बसते. मेंदूत बसली की आकडी. म्हणजे डुकराच्या जागी इथे माणूस आला.

ही गोष्ट वैद्यकाला फार पूर्वीच कळली. १८५५ साली फ्रीडरिश क्यूखेनमाइस्टर या जर्मन डॉक्टराने फाशीची शिक्षा झालेल्या एका कैद्याला मांसातल्या त्या फोडांसकट अन्न खायला घातले आणि मृत्यूनंतर त्याच्या आतड्यात कोवळे कृमी पाहिले. आजच्या नीतीत न बसणारा प्रयोग, पण त्यातून मांसातल्या फोडाचा आतड्यात कृमी होतो हे सिद्ध झाले. मेंदूत फोड झाला तो अंड्यांमुळे. भारतात राहून गेलेल्या ब्रिटिश सैनिकांना मायदेशी परतल्यावर फीट येऊ लागल्या, तेव्हा तिकडच्या डॉक्टरांनी याचा कसून अभ्यास केला. १९६१ साली अशा ४५० रुग्णांचा अहवाल प्रसिद्ध झाला. त्यातून एक महत्त्वाची गोष्ट कळली. लागण आणि पहिली फीट यांत बहुधा काही वर्षांचे अंतर असते. म्हणून ‘काल काय खाल्ले’ हा प्रश्न इथे निरर्थक आहे.

सर्वांत बोलका दाखला न्यूयॉर्कचा. १९९०-९१ मध्ये तिथल्या सनातनी ज्यू वस्तीतल्या चार जणांना हाच मेंदूचा आजार झाला. ज्यू धर्मात डुक्कर निषिद्ध, त्या घरांत ते कधी आणलेही जात नव्हते. तपास झाला आणि धागा पोहोचला तो या कृमीची साथ असलेल्या देशांतून घरकामाला आलेल्या माणसांपर्यंत. त्यांच्या पोटात कृमी होता, त्यांना त्याची कल्पनाही नव्हती आणि हातांवरून अंडी जेवणात जात होती. यात त्या गरीब बायांना दोष देऊ नका. तपासणी आणि एक गोळी, एवढाच तो प्रश्न होता. मुद्दा हा की, डुकराला न शिवणाऱ्या घरातही हा आजार येतो. वाट मांसाची नाही, अस्वच्छ हाताची आहे.

आता त्या माळकरी मुलीचा विचार करा. तिने बाहेर भेळ, पाणीपुरी, चिरलेली काकडी खाल्ली असेल. घरात कच्ची कोथिंबीर, कांद्याची पात, मुळा खाल्ला असेल. रेल्वेरुळांलगतच्या मळ्यांतला पालक गटाराच्या पाण्यावर वाढतो, अशी ओरड मुंबईत वर्षानुवर्षे होत आली आहे. नक्की कोणत्या घासातून अंडे गेले, ते कधीच कळणार नाही. पण शाकाहारी ताटात ते येऊ शकते, हे पक्के.

मग सूनबाईंच्या पातेल्यात काहीच धोका नाही?

आहे, पण तो टाळता येण्यासारखा आहे. नीट न शिजलेल्या मांसातून आतड्यात कृमी होऊ शकतो. आणि एका माणसाच्या पोटात कृमी असला की तो स्वतःच्या आणि घरातल्यांच्या हाती अंडी पोहोचवू शकतो. म्हणून शिजवणे महत्त्वाचे. हा पदार्थ करताना नेमक्या चुका कुठे होतात, ते सांगतो.

पहिली चूक म्हणजे कच्चे तुकडे थेट तळणे. कढईतले तेल तापलेले असते, कॉर्नफ्लॉवरचे कवच दोन मिनिटांत कुरकुरीत होते आणि तुकडा झाला असे वाटते. आत मात्र तो गुलाबी राहतो. वर लाल रस, त्यामुळे आतला गुलाबीपणा ताटात दिसतही नाही. गाडीवर घाईत नेमके हेच होण्याची भीती. म्हणूनच मी म्हणतो, खायचेच तर घरी करून खा. घरी वेळ आपल्या हातात असतो.

उपाय सोपा आहे. अर्धा किलो मटण, चरबी कमी असलेले घ्या. साबुदाण्यासारखे फोड दिसले तर ते मटण परत करा, शिजवून खाण्याचा मोह नको. एक इंचाहून मोठे तुकडे नकोत. थोडे पाणी, आले आणि चिमूटभर मीठ घालून आधी कुकरमध्ये तीन-चार शिट्ट्या करा. कुकरच्या आत सुमारे १२० अंश सेल्सिअस तापमान होते. या कृमीची अळी मारायला त्याच्या निम्मे तापमान पुरते, मात्र ते तुकड्याच्या अगदी मध्यापर्यंत पोहोचायला हवे. अमेरिकेतल्या सरकारी शिफारशीत डुकराच्या अखंड मांसाला ६३ अंश आणि नंतर तीन मिनिटांची विश्रांती, तर खिम्याला ७१ अंश सांगितले आहेत. आपल्याकडे स्वयंपाकघरात थर्मामीटर नसतो, पण कुकर असतो. तो आपल्याला या हिशेबातून सोडवतो. शिवाय वर तरंगलेली चरबी काढून टाकता येते. मग ते तुकडे पुसून, कॉर्नफ्लॉवर लावून थोड्या तेलावर परतले की पुरे. चव जात नाही, मी खाऊन पाहिले आहे.

दुसरी चूक, ‘व्हिनेगरमध्ये रात्रभर ठेवले, जंतू मेले’ ही समजूत. शिरक्याने मांस मऊ होते, चव मुरते, काही जिवाणूंची वाढ मंदावते. पण कृमीच्या अळीसाठी त्यावर विसंबू नये. लिंबू पिळल्याने किंवा मसाला चोळल्यानेही मांस शिजत नाही.

तिसरी गोष्ट फ्रीजची. बर्फाच्या कप्प्यात चांगले गोठवल्याने अळी मरते, पण वेळ द्यावा लागतो. उणे ५ अंशांना चार दिवस, उणे १५ अंशांना तीन दिवस. गावाकडे वीज दिवसातून चारदा जाते, तिथे हा भरवसा ठेवू नये. शिजवणे हाच भरवसा.

चौथी गोष्ट सुरी आणि पाटाची. कच्चे मटण कापले त्याच पाटावर, त्याच सुरीने अननस, ढोबळी मिरची, काकडी चिरू नका. आधी फळे-भाज्या चिरून बाजूला ठेवा, मग मटणाला हात लावा. नंतर पाट, सुरी आणि हात साबणाने धुवा. मटण धुतलेले पाणी सिंकमधल्या ताटवाट्यांवर उडू देऊ नका.

पाचवी गोष्ट आपल्या आज्यांना ठाऊक होती. कल्हई उडालेल्या पितळी पातेल्यात आंबट शिजवू नका, ते कळकते. व्हिनेगरचा रस लोखंडाच्या नव्हे, तर स्टीलच्याच भांड्यात करा. लोखंडी कढईत रस काळा पडतो.

रसातल्या चार गोष्टी

एक डॉक्टर म्हणून विचाराल तर या पदार्थात मला डुकरापेक्षा रसाचीच काळजी अधिक वाटते. चार माणसांच्या रसात चार मोठे चमचे साखर पडते, म्हणजे जवळजवळ ५० ग्रॅम. टोमॅटो सॉसमध्ये साखर असतेच, ती वेगळी. जागतिक आरोग्य संघटना वरून घातलेली साखर मोठ्या माणसाला दिवसाला शक्यतो २५ ग्रॅमच्या आत ठेवायला सांगते. तेव्हा साखर निम्मी करा, गोडी अननसाची येऊ द्या. घरात मधुमेही असेल तर त्याला रस कमी, तुकडे आणि भाज्या जास्त वाढा. सोबत भाताचा डोंगर नको.

मिठाचेही तसेच. एका मोठ्या चमच्या सोया सॉसमध्ये सव्वादोन ग्रॅमच्या आसपास मीठ असते, आणि दिवसाची मर्यादा आहे ५ ग्रॅम. सोया सॉस घातला की वरून मीठ घालू नका. रक्तदाबाच्या रुग्णांनी हे विशेष लक्षात ठेवावे.

लाल रंगाची गरज नाही. लालबागच्या मसाला गल्लीतली काश्मिरी मिरची आणि पिकलेला टोमॅटो पुरेसा रंग देतात. २०२४ मध्ये कर्नाटक सरकारने गोबी मंचुरियनमधल्या कृत्रिम रंगांवर बंदी घातली, ती उगीच नव्हे.

आणि अजिनोमोटो. १९६८ मध्ये एका अमेरिकन वैद्यकीय नियतकालिकात छापलेल्या एका पत्रावरून त्याची बदनामी सुरू झाली. नंतरच्या काटेकोर चाचण्यांत जेवणातल्या नेहमीच्या प्रमाणात त्याचा ठाम दोष सापडला नाही. त्यात सोडियम असतो, तेव्हा हात आखडता ठेवावा. पण अजिनोमोटोला घाबरणारी माणसे हात न धुता जेवायला बसतात, याचे मला नवल वाटते. भीती चुकीच्या जागी ठेवली की खरा धोका मोकळा फिरतो.

मांसाविषयी एक शब्द. डुकराच्या मांसात प्रथिने आणि ब-१ जीवनसत्त्व चांगले असते. चरबीचा भाग मात्र हृदयाला त्रासदायक. ताजे मांस आणि खारवलेले, धुरावलेले मांस यांतही फरक करा. हॅम, बेकन, सॉसेजेससारखे प्रक्रिया केलेले मांस २०१५ साली जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने कर्करोगाला कारण ठरणाऱ्यांच्या यादीत घातले. ताजे लाल मांस ‘बहुधा कारण’ या गटात आहे. तेव्हा महिन्यातून एक-दोनदा ताजे, घरी शिजवलेले. रोज नको आणि डब्यातले तर नकोच. खाणे न खाणे हा ज्याचा त्याचा प्रश्न. ज्यांना वर्ज्य आहे त्यांनी खाऊ नये, त्यांच्या आरोग्याचे काही अडत नाही. पण वर्ज्य असणे वेगळे आणि विष असणे वेगळे.

आकडी आली तर

घाबरू नका आणि चप्पल शोधू नका. रुग्णाला एका कुशीवर वळवा, आजूबाजूच्या टोकदार वस्तू दूर करा, गळ्याजवळचे कपडे सैल करा. तोंडात चमचा, बोट, पाणी, काही घालू नका. घड्याळ पाहा. पाच मिनिटांत फीट थांबली नाही, किंवा एकामागून एक येऊ लागली, तर तातडीने इस्पितळ गाठा. पहिलीच फीट असेल तर थांबली तरी डॉक्टरकडे जाच.

आपल्या देशात या आजारात बऱ्याचदा मेंदूत एकच लहान गाठ असते. पूर्वी तिला क्षयाची गाठ समजून महिनोन् महिने क्षयाची औषधे दिली जात. ऐंशीच्या दशकाच्या अखेरीस वेल्लोरच्या ख्रिश्चन मेडिकल कॉलेजमधल्या मेंदूच्या शल्यविशारदांनी दाखवून दिले की, अशा कित्येक गाठी प्रत्यक्षात या अळीच्या असतात आणि त्या कालांतराने विरूनही जातात. म्हणजे आजार भीतीदायक, पण आशा मोठी. फीटचे औषध मात्र नियमित घ्यायचे, मनाने बंद करायचे नाही. आणखी एक, फीट येणाऱ्याने ‘जंताची गोळी’ स्वतःहून घेऊ नये. अळी मरताना तिच्याभोवती सूज वाढते आणि फीट बळावू शकते. ते औषध केव्हा, किती आणि कशाबरोबर द्यायचे, ते डॉक्टरच ठरवतील.

लग्नाचे म्हणाल तर एके काळी हिंदू विवाह कायद्यातच फेफऱ्याचा उल्लेख लग्नाला अडथळा म्हणून होता. १९९९ च्या दुरुस्तीने तो काढून टाकला. कायदा सुधारला, आपली मने अजून सुधारायची आहेत. त्या माळकरी मुलीची गाठ दीड वर्षात विरली. आज ती नोकरी करते, संसारही करते. मैत्रीण मात्र परत आली नाही. त्या नुकसानीवर माझ्याकडे गोळी नव्हती.

खरा शत्रू कुठे आहे

ताई, तुमच्या नातवाला या आजारापासून वाचवायचे असेल तर सूनबाईंच्या कढईपेक्षा तुमच्या गावाच्या वाटेकडे पाहा. एस. टी. स्टँडमागे, नाल्याकाठी मोकळी फिरणारी डुकरे कुणाची आहेत? ती काय खातात? संडास बांधले गेले, संत गाडगेबाबा ग्राम स्वच्छता अभियान २००० साली सुरू झाले त्याला आता पाव शतक झाले. पण बांधलेल्या संडासात पाणी आहे का? तो वापरात आहे की त्यात लाकडे भरली आहेत? माणसाची विष्ठा उघड्यावर पडली नाही, तर या कृमीचा फेरा तिथेच तुटतो. मग डुक्कर खाणाराही सुरक्षित आणि न खाणाराही. ग्रामसभेत हा प्रश्न विचारा. नगरपंचायतीत डुकरे बंदिस्त ठेवण्याचा आग्रह धरा. सुनेशी भांडण्यापेक्षा हे भांडण अधिक उपयोगाचे आहे.

घरात दोन नियम करा. शौचानंतर आणि जेवणाआधी साबणाने हात धुणे, नखे कापलेली असणे. कच्ची खायची भाजी वाहत्या पाण्याखाली पानपान चोळून धुणे. मिठाच्या किंवा लाल औषधाच्या पाण्यात नुसती बुडवून कृमीची अंडी मरत नाहीत, ती चोळूनच निघतात किंवा शिजवून मरतात.

गणपतीला मुले गावी येतील. तेव्हा सूनबाईंना पोर्क का करता, असे विचारू नका. कसे करता, एवढे विचारा. कुकरला आधी शिट्ट्या काढतात असे म्हणाल्या, तर निर्धास्त व्हा. काढत नसतील, तर हे कात्रण त्यांच्या हाती द्या आणि सांगा, ‘डॉक्टरांनी लिहिलंय.’ आणि नातू बागेतून मातीचे हात घेऊन मोदकाच्या ताटाकडे धावत आला, तर त्याला आधी मोरीकडे न्या. आकडीपासून त्याला वाचवणारा खरा दरवाजा तोच आहे.